घरच्यांनीच कोंडून ठेवलं असेल तर: गोव्यात हेबियस कॉर्पस याचिका कशी करावी

अठरा वर्षं पूर्ण झालेल्या माणसाला घरात डांबून ठेवायचा हक्क आईवडिलांनाही नाही. कायद्यात याबद्दल काही संदिग्धता नाही. तरीही पेडण्यापासून काणकोणपर्यंत कुठल्याही पोलीस स्थानकात अशी तक्रार घेऊन गेलात, तर पहिलं उत्तर बहुधा एकच मिळतं: ‘तो घरचा मामला, तुम्ही मध्ये पडू नका.’ मुलीची नोकरी बंद झालेली असते, मोबाइल भावाच्या खिशात असतो, मामाने स्थळं बघायला घेतलेली असतात, आणि वाड्यावरचे लोक म्हणत असतात, निवळेल हळूहळू.

हा लेख अशा वेळी बाहेर असलेल्या माणसासाठी आहे. तो जोडीदार असेल, मैत्रीण असेल, ऑफिसातली सहकारी असेल, नाहीतर दुसऱ्या गावी दिलेली थोरली बहीण. कोंडलेली व्यक्ती मुलगीच असते असं नाही. मुलगे असतात, म्हातारे आईबाप असतात. पण बहुतेक प्रकरणं तरुण मुलींचीच असतात, म्हणून खाली ‘ती’ असं लिहिलं आहे.

एक गोष्ट आधीच डोक्यात पक्की करा. हेबियस कॉर्पस म्हणजे कोंडलेल्या माणसाला न्यायालयासमोर हजर करा अशी मागणी, आणि या याचिकेत न्यायालय शेवटी एकच बघतं: तिला स्वतःला काय हवं आहे. तुमचं प्रेम किती खरं, तिचे वडील किती तापट, तुमची जात कुठली, यातलं काहीच निर्णायक नसतं. त्यामुळे सगळी धावपळ एका गोष्टीसाठी करायची. तो प्रश्न तिला विचारला गेला पाहिजे, आणि ती उत्तर देत असताना बाप, भाऊ, मामा दाराबाहेर असले पाहिजेत.

ही याचिका कशासाठी, आणि कशासाठी नाही

संविधानाच्या कलम २२६ खाली उच्च न्यायालयात आणि कलम ३२ खाली सर्वोच्च न्यायालयात हेबियस कॉर्पसची याचिका करता येते. मराठीत तिला बंदी प्रत्यक्षीकरण म्हणतात. पोलिसांनी बेकायदा पकडून ठेवलेल्या माणसासाठी ती असते, हे बऱ्याच जणांना माहीत असतं. खासगी माणसाने, म्हणजे सख्ख्या बापानेसुद्धा, कोंडून ठेवलं असेल तरी ती चालते, हे मात्र कमी जणांना माहीत असतं. आपल्याकडे ती मुंबई उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठात करायची. हे खंडपीठ १९८२ पासून आहे. आधी ते पणजीत आल्तिनोला होतं, २०२१ पासून पर्वरीच्या नव्या इमारतीत आहे. सर्वोच्च न्यायालयात थेट जाता येत असलं, तरी दिल्लीची वाट धरायचं सहसा कारण नसतं.

दोन ठिकाणी ही याचिका आपटते. पहिलं, माणूस कुठे आहे आणि कोणी ठेवला आहे याचा काहीच सुगावा नसेल तर. मग तो हरवल्याचा मामला होतो. आधी पोलिसांत बेपत्ता म्हणून नोंद आणि तपास. ‘अमक्याने बेकायदा ठेवलं आहे’ असं म्हणायला थोडातरी आधार लागतो. दुसरं, नवऱ्याला बायको ‘परत’ हवी असेल तर. ती माहेरी स्वखुशीने राहिली असेल, तर हेबियस कॉर्पस हे तिला ओढून आणायचं साधन नव्हे. मोहम्मद इक्रम हुसेन या साठच्या दशकातल्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने नवऱ्यांच्या अशा अर्जांबाबत सावध राहायला सांगितलं होतं. गंमत म्हणजे त्याच खटल्यात मुलीला हजर करण्याचा हुकूम न पाळणाऱ्या बापाला न्यायालयाच्या अवमानाबद्दल शिक्षाही झाली.

लग्न झालेलं असायला हवं का? नाही. गोव्यात नागरी विवाहनोंदणी दोन सह्यांची असते, आणि घरच्यांना कळतं ते नेमकं पहिल्या सहीनंतर, नोटीस लागली की. मग ‘पहिली सही झाली, पण दुसरी व्हायच्या आधीच तिला घरात बंद केलं, आता मी तिचा कोण?’ असा प्रश्न पडतो. या याचिकेपुरता तुम्ही कोणीही असलात तरी चालतं. २०२४ च्या मार्चमध्ये देवू नायर विरुद्ध केरळ राज्य या निकालात सर्वोच्च न्यायालयाने उच्च न्यायालयांना स्पष्ट सांगितलं आहे की मित्र किंवा जोडीदार याचिका घेऊन आला, तर त्यांच्या नात्याचं स्वरूप नेमकं काय याची खोदून चौकशी करायची नाही. ते प्रकरण दोन स्त्रियांचं होतं, पण त्यातली मार्गदर्शक तत्त्वं सगळ्यांच्या उपयोगाची आहेत. वकिलाच्या फाइलमध्ये त्या निकालाची प्रत असलीच पाहिजे.

पहिल्या दिवशी काय गोळा करायचं

घरासमोर चार मित्र घेऊन जाऊ नका. इन्स्टाग्रामवर तिचा फोटो टाकून ‘वाचवा’ लिहू नका. दोन्हींचा परिणाम एकच होतो: रातोरात तिला मावशीकडे बेळगावला किंवा आजोळी कुडाळला हलवतात. तिच्या जिवाला आत्ता, या क्षणी धोका आहे असं वाटत असेल, तर मात्र वेळ न घालवता ११२ ला फोन करा, पत्ता सांगा आणि फोन केल्याची वेळ लिहून ठेवा.

सगळ्यात आधी वयाचा पुरावा मिळवा. जन्मदाखला, दहावीचं प्रमाणपत्र किंवा शाळा सोडल्याचा दाखला, यातलं जे हाताला लागेल ते. नुसत्या आधार कार्डावर विसंबू नका. आधार हा जन्मतारखेचा पक्का पुरावा नव्हे, असं न्यायालयांनी म्हटलं आहे. कॉलेजच्या अर्जाबरोबर किंवा नोकरीच्या कागदांत तिच्या दाखल्याची झेरॉक्स कुठेतरी असतेच. वय सिद्ध झालं की अर्धा वाद तिथेच संपतो.

मग संदेश. तिने शेवटचं जे काही पाठवलं ते जसंच्या तसं ठेवा: तारीख, वेळ आणि क्रमांक दिसतील असे स्क्रीनशॉट घ्या, आणि मूळ फोन फॉरमॅट करू नका, विकू नका, बदलू नका. संदेश कोकणीत असतील, मराठीत असतील, रोमन लिपीत असतील. मजकूर सुधारून लिहायला जाऊ नका. ‘म्हाका भायर वचूंक दिनात’ (मला बाहेर जाऊ देत नाहीत) एवढी एक ओळ, रात्री सव्वाअकराची, चुलत बहिणीच्या नंबरवरून आलेली, ही तुमच्या दहा पानी कैफियतीपेक्षा वजनदार असते. उच्च न्यायालयाचं कामकाज इंग्रजीत चालतं, त्यामुळे अशा प्रत्येक ओळीचं भाषांतर जोडावं लागेल. ते वकील करून घेईल. तुम्ही मूळ सांभाळा.

तिच्या कामाच्या ठिकाणी विचारा. ती अमुक तारखेपासून गैरहजर आहे, भावाने येऊन राजीनामा दिला, पगाराचं एटीएम कार्ड घरच्यांकडे आहे, अशा गोष्टी सहकाऱ्यांना माहीत असतात. वेर्ण्याच्या कारखान्यात बोट लावून हजेरी होते, म्हणजे ती कधीपर्यंत स्वतः येत होती याची नोंद आपोआप राहते.

पोलीस तक्रार: तोंडी नको, लेखी द्या

हेबियस कॉर्पससाठी आधी पोलिसांकडे गेलंच पाहिजे अशी सक्ती नाही. पण न्यायमूर्ती पहिल्याच मिनिटात विचारतात, ‘पोलिसांना कळवलं होतं का?’ त्या वेळी शिक्का मारलेली प्रत पुढे करता आली तर बरं. तक्रार मराठीत चालते. वडिलांना खलनायक ठरवणारे परिच्छेद नकोत. काहीसं असं लिहा:

‘माझी मैत्रीण अमुक, वय २४, हिला तिचे वडील व भाऊ यांनी अमुक तारखेपासून अमुक वाड्यावरील राहत्या घरात तिच्या इच्छेविरुद्ध कोंडून ठेवले आहे. अमुक तारखेला रात्री ११.१५ वाजता तिने अमुक क्रमांकावरून मला संदेश पाठवला. प्रत सोबत जोडली आहे. त्यानंतर तिच्याशी संपर्क नाही. ती सज्ञान असून तिला घराबाहेर पडायचे आहे. भारतीय न्याय संहितेच्या कलम १२७ खाली गुन्हा नोंदवावा आणि तिचा जबाब घरच्यांच्या गैरहजेरीत, महिला अधिकाऱ्यामार्फत घ्यावा.’

दोन प्रती न्या, एकीवर इनवर्डचा शिक्का आणि क्रमांक घ्या. शिक्का द्यायला टाळाटाळ झाली तर तीच तक्रार जिल्ह्याच्या पोलीस अधीक्षकांना ईमेलने आणि स्पीड पोस्टाने पाठवा. घटना दुसऱ्या हद्दीतली आहे, हे गुन्हा न नोंदवण्याचं कारण होऊ शकत नाही. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३ मध्ये तशी स्पष्ट तरतूद आहे.

कलम १२७ किती गंभीर आहे हे घरच्यांना बहुधा माहीत नसतं. साध्या कोंडण्याला एक वर्षापर्यंत कैद. तीन दिवस किंवा जास्त कोंडलं तर तीन वर्षांपर्यंत, दहा दिवस किंवा जास्त असेल तर पाच वर्षांपर्यंत. आणि सुटकेची रिट, म्हणजे न्यायालयाचा लेखी हुकूम, निघाली आहे हे माहीत असूनही कोंडून ठेवलं, तर त्याची आणखी दोन वर्षांपर्यंत वेगळी शिक्षा. वकिलाच्या नोटिशीत किंवा पोलिसांच्या तोंडून हे आकडे ऐकले की काही घरांची दारं उघडतात. काही घरांत मात्र मुलीला आणखी लांब पाठवतात. नोटीस पाठवायची की नाही हे त्या घरच्या माणसांचा स्वभाव ओळखून ठरवा. माझ्या मते शंका असेल तर पाठवू नये.

पोलीस जातात, घरच्यांच्या बैठकीच्या खोलीत बसतात, चहा पितात, मुलीला बोलावतात, वडील समोरच्या खुर्चीत असतात, आणि ती म्हणते, ‘मी बरी आहे.’ तेवढं लिहून घेतलं की तक्रार बंद. असं झालं तर खचू नका. तो जबाब कुठे, कोणासमोर, किती वाजता घेतला याचा तपशील मिळवा. पुढे याचिकेत नेमकं हेच कामाला येतं.

दंडाधिकारी की उच्च न्यायालय?

एक जवळची वाटही आहे, आणि वकीलसुद्धा ती विसरतात. नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १०० खाली जिल्हा दंडाधिकारी, उपविभागीय दंडाधिकारी (म्हणजे आपल्याकडचे उपजिल्हाधिकारी) किंवा प्रथम वर्ग न्यायदंडाधिकारी झडतीचं वॉरंट काढू शकतात. माणूस गुन्हा ठरेल अशा रीतीने कोंडलेला आहे असं त्यांना वाटलं, तर पोलीस त्या घरात जाऊन त्याला शोधतात आणि लगेच दंडाधिकाऱ्यांसमोर उभं करतात. घर ठाऊक आहे, ती तिथेच आहे याची खात्री आहे, आणि तालुक्यातच काम भागणार असेल, तर ही वाट चांगली. मुलगी कुठे हलवली जाईल सांगता येत नाही, घरचे राजकीय वजनाचे आहेत, पोलीस ऐकत नाहीत, किंवा सुटल्यावर संरक्षणाचे आदेशही लागणार आहेत, अशा वेळी थेट पर्वरी गाठा. तिथला आदेश टाळायची हिंमत सहसा कोणी करत नाही.

याचिकेत काय असावं

वकील परवडत नसेल तर विधी सेवा प्राधिकरणाकडे जा. १५१०० हा त्यांचा मोफत फोन क्रमांक आहे. याचिका करणारी स्त्री असेल, तर १९८७ च्या कायद्याप्रमाणे तिला उत्पन्न न विचारता मोफत वकील मिळतो. अनुसूचित जाती-जमातींच्या आणि अपंग व्यक्तींनाही तो हक्क आहे. याचिका कोणी करायची असा पर्याय असेल, आणि मैत्रीण किंवा बहीण पुढे यायला तयार असेल, तर प्रियकरापेक्षा तिचं नाव याचिकाकर्ती म्हणून बरं. कायद्याला फरक पडत नाही, पण ‘मुलीला फूस लावणारा’ हा घरच्यांचा पहिला बाण वाया जातो.

प्रतिवादी म्हणून गोवा राज्य, संबंधित पोलीस निरीक्षक, पोलीस अधीक्षक, आणि ज्यांनी ठेवलं आहे असं तुमचं म्हणणं आहे ती माणसं नावानिशी. ज्या मामाच्या घरी हलवलं असण्याची शक्यता आहे त्यालाही प्रतिवादी करा. मजकूर तारखांच्या क्रमाने, छोट्या परिच्छेदांत. ऐकीव माहिती असेल तर ती ऐकीव आहे असं स्पष्ट लिहा आणि कोणाकडून ऐकली ते सांगा. शपथेवर खोटं सापडलं तर सगळंच कोसळतं.

मागण्यांकडे मात्र नीट लक्ष द्या. ‘तिला हजर करा’ एवढंच लिहून भागत नाही. कानू सन्याल खटल्यात, १९७३ मध्ये, सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं होतं की प्रत्येक वेळी माणसाला प्रत्यक्ष समोर आणल्याशिवाय निर्णय देताच येत नाही असं नाही. म्हणून सरकारी वकिलांनी पोलिसांनी घेतलेला जबाब पुढे ठेवून ‘ती खुश आहे’ म्हणायच्या आत, प्रत्यक्ष हजेरी मागा आणि देवू नायरचा आधार द्या. त्यात न्यायालयाने त्या व्यक्तीला समोर आणून दालनात, खासगीत बोलावं असं सांगितलं आहे. मग पुढच्या गोष्टी एकेक करून मागा. आदेशाच्या दिवसापासून तिला गोव्याबाहेर नेऊ नये. न्यायालयात आणताना महिला पोलीस सोबत असाव्यात आणि घरचे त्याच गाडीत नसावेत. न्यायमूर्तींशी ती बोलत असताना, आणि त्याआधी वाट बघत असतानाही, तिला डांबल्याचा आरोप असलेल्यांनी आसपास असू नये. तिने घरी जायचं नाही म्हटलं तर तिथल्या तिथे तिला मोकळं करावं. तिची मूळ कागदपत्रं, फोन, बँकेचं कार्ड परत मिळावं. जिथे जायचं आहे तिथपर्यंत पोलीस सोडायला यावेत, आणि पुढे काही काळ संरक्षण मिळावं.

गाडीची मागणी क्षुल्लक वाटते, पण तीच सगळ्यात महत्त्वाची. डिचोलीहून पर्वरीपर्यंतचा रस्ता मोठा नाही, पण मागच्या सीटवर काका आणि आई दोन बाजूंना बसून ‘बाबांना काही झालं तर तू जबाबदार’ म्हणत राहिले, तर तेवढ्या प्रवासात माणसाचा धीर सुटतो.

याचिका दाखल झाली की वकिलाला न्यायमूर्तींसमोर तिचा उल्लेख करून तातडीच्या सुनावणीची तोंडी विनंती करावी लागते. अशी याचिका दोन न्यायमूर्तींच्या खंडपीठापुढे जाते. देवू नायरमध्ये या याचिकांना प्राधान्य द्यावं आणि तारखा देत बसू नये असं म्हटलं आहे, तेव्हा पुढच्या आठवड्याची तारीख मिळत असेल तर वकिलाने हे दाखवायला संकोचू नये. मे महिन्यात, दिवाळीत, नाताळात न्यायालयाला सुट्टी असली तरी सुट्टीतलं न्यायालय बसतं. तातडीची हेबियस कॉर्पस तिथेही घेतात.

ती समोर येते तेव्हा

त्या दिवशी तुम्ही तिथे असा, पण तिला घेरू नका. कॉरिडॉरमध्ये आई रडत असते, आत्या पदर तोंडाला लावून उभी असते, आणि ते रडणं बऱ्याचदा खरंच असतं. तुम्हीही तिथे उभे राहून डोळ्यांनी खुणा करायला लागलात तर तिच्यावर दोन बाजूंनी ओढ बसते, आणि न्यायमूर्तींना ते दिसतं.

आत काय विचारतात? नाव, वय, शिक्षण, काय करतेस, कोणाबरोबर राहायचं आहे, घरी मारहाण झाली का, कुणाची भीती वाटते का. कोकणीत, मराठीत, हिंदीत बोलायला हरकत नसते. तिने रडलं, थांबलं, पाणी मागितलं, बाहेर जाऊन यायचं म्हटलं, तरी चालतं. मार्गदर्शक तत्त्वांत विश्रांती घेऊ द्यावी हेसुद्धा लिहिलेलं आहे. तिचं मन बदलावं म्हणून समुपदेशनाला किंवा ‘चार दिवस आईवडिलांकडे राहून बघ’ म्हणून पाठवायचं नाही, हेही स्पष्ट आहे. असा तोडगा कोणी सुचवला, मग तो तुमचा वकील का असेना, तर नम्रपणे नाही म्हणा.

जुन्या काळी सज्ञान मुलींना ‘सुरक्षेसाठी’ नारी निकेतनात ठेवायची पद्धत होती. ग्यान देवी खटल्यात, १९७६ मध्ये, सर्वोच्च न्यायालयाने ती चुकीची ठरवली: सज्ञान स्त्रीला तिच्या मर्जीविरुद्ध तिथे ठेवता येत नाही. तिला स्वतःलाच दोन दिवस कुठेतरी तटस्थ ठिकाणी राहायचं असेल तर गोष्ट वेगळी. तेव्हा सखी वन स्टॉप सेंटर किंवा महिला आधारगृहाचं नाव तयार ठेवा. १८१ वर माहिती मिळते.

आणि ती ‘मला घरीच राहायचं आहे’ म्हणाली तर? याचिका निकालात निघेल. मनातून तुम्हाला खात्री असेल की ती दबावाखाली बोलली, तरी त्या दिवशी हा निर्णय मान्य करावा लागतो. पुढे परिस्थिती बदलली, नवा पुरावा आला, तर नवी याचिका करायला बंदी नाही. पण तिने खरंच मन बदललं असण्याची शक्यता तुम्ही मनात ठेवली नसेल, तर जिच्या स्वातंत्र्यासाठी तुम्ही भांडताय, तिच्यावरच तुम्ही आपली मर्जी लादता आहात.

हेच उलटही होतं. मुलगी स्वतः निघून गेली आणि वडिलांनीच हेबियस कॉर्पस टाकली, असंही सर्रास घडतं. केरळातल्या हादिया प्रकरणात तसंच झालं. २४ वर्षांच्या मुलीला उच्च न्यायालयाने २०१७ मध्ये वडिलांच्या ताब्यात दिलं आणि तिचं लग्न रद्द केलं. ते लग्न कायम करायला मार्च २०१८ उजाडलं, तेही सर्वोच्च न्यायालयात. तेव्हा तुमच्या घरच्यांनी अशी याचिका केली, तर लपून राहू नका. वकिलासह स्वतः हजर व्हा आणि तोंडाने सांगा.

घरच्यांचे नेहमीचे डाव

‘तिचं डोकं ठिकाणावर नाही.’ हा सगळ्यात जुना डाव. डॉक्टरची चिठ्ठी पुढे येते, झोपेच्या गोळ्या चालू असतात, कधी तिला थेट एखाद्या खासगी केंद्रात भरती केलेलं असतं. २०१७ च्या मानसिक आरोग्य सेवा कायद्याने इथे बरंच काही बदललं आहे. कुटुंबाच्या किंवा समाजाच्या रीतीविरुद्ध कोणी वागतं म्हणून त्याला मनोरुग्ण ठरवता येत नाही, असं त्या कायद्यात लिहिलेलं आहे. संमतीविना भरती करायची तर दोन तज्ज्ञांनी वेगवेगळं तपासलेलं असलं पाहिजे, त्यातला एक मनोविकारतज्ज्ञ. आणि ती भरती ३० दिवसांपर्यंतच, पुढे ठेवायचं तर वेगळी प्रक्रिया. त्या कायद्याखालच्या मानसिक आरोग्य पुनरावलोकन मंडळाला कळवणंही बंधनकारक आहे: स्त्री असेल तर तीन दिवसांत, पुरुष असेल तर सात. याचिकेत हे सगळे कागद सादर करायला सांगा. कागद नसतील तर ती भरती नव्हे, कोंडणंच. बांबोळीच्या आयपीएचबीसारख्या सरकारी मनोरुग्णालयात निदान नोंदी तरी असतात. अडचण येते ती बोर्ड नसलेल्या बंगल्यांत चालणाऱ्या ‘सेंटर’मध्ये. समलिंगी किंवा ट्रान्स मुलामुलींना ‘सुधारायला’ पाठवतात, त्याबद्दल एवढंच: राष्ट्रीय वैद्यकीय आयोगाने २०२२ मध्ये असल्या उपचारांना व्यावसायिक गैरवर्तन ठरवलं आहे.

‘ती अल्पवयीन आहे.’ जन्मदाखला दाखवा. मुलगा २१ वर्षांचा नाही म्हणून लग्न वैध नाही, असंही म्हणतील. नंदकुमार खटल्यात २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की दोघं सज्ञान असतील तर लग्नाशिवायही एकत्र राहू शकतात.

‘दागिने घेऊन पळाली, याने पळवली.’ चोरीची, अपहरणाची, कधी त्याहून गंभीर तक्रार याचिकेच्या आसपासच दाखल होते. जोडीदाराने अटकपूर्व जामिनाची तयारी आधीच ठेवावी, आणि तिने घरातून निघताना सोनं सोबत घेऊ नये. स्वतःचं असलं तरी.

हद्दीबाहेर नेलं तर

गोवा लहान, तासाभरात माणूस दुसऱ्या राज्यात. कोंडण्याची सुरुवात गोव्यात झाली असेल, तर कलम २२६ च्या दुसऱ्या उपकलमामुळे पर्वरीतली याचिका टिकते. तरी शेजारी कुणाची हद्द ते माहीत असावं. बेळगाव आणि कारवार हे कर्नाटक उच्च न्यायालयाच्या धारवाड खंडपीठाकडे. सावंतवाडी, कुडाळ म्हणजे सिंधुदुर्ग, ते ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरच्या सर्किट बेंचकडे. परदेशी नेलं तर मात्र इथली याचिका फार लंगडी पडते, म्हणून विमानतळ गाठायच्या आत हालचाल करा.

म्हातारी आई एका मुलाच्या घरात अडकलेली असेल

गोव्यात याचं मूळ बऱ्याचदा मालमत्तेत असतं. आपल्या नागरी कायद्यात पतीपत्नींची मालमत्ता सामाईक धरली जाते, वारसांचा हिस्सा ठरलेला असतो, आणि आईच्या सहीशिवाय बरंच काही अडतं. मग एक मुलगा आईला आपल्याकडे नेतो, फोन बंद करतो, लेकींना दारातून परत पाठवतो आणि नोटरीकडे मात्र नेऊन आणतो. आई शुद्धीवर आहे, तिला बाहेर पडायचं आहे किंवा लेकींना भेटायचं आहे, असा काही पुरावा असेल तर हेबियस कॉर्पस चालते. पण भांडण ‘आईला कोणी सांभाळायचं’ एवढंच असेल, किंवा विस्मृतीमुळे तिला इच्छाच सांगता येत नसेल, तर न्यायालय दुसरा मार्ग दाखवेल. ज्येष्ठ नागरिकांसाठीच्या २००७ च्या कायद्याखाली उपजिल्हाधिकाऱ्यांच्या न्यायाधिकरणाकडे जाता येतं, आणि १४५६७ ही ज्येष्ठांची हेल्पलाइन आहे. नोटरीकडे झालेल्या सहीला आव्हान दिवाणी न्यायालयात. ते या याचिकेत मिसळू नका.

भीती आधीपासूनच असेल तर

हा भाग बाहेरच्यांसाठी नाही. ज्यांना घरी पुढे काय होऊ शकतं हे दिसतंय, त्यांनी हा वाचावा.

एक साधं निवेदन लिहा: मी सज्ञान आहे, अमुक ठिकाणी स्वेच्छेने राहते, मला घरी नेलं आणि माझा संपर्क तुटला तर ते माझ्या मर्जीविरुद्ध समजावं, आणि अमुक व्यक्तीने माझ्या वतीने न्यायालयात जावं. तारीख, सही, दोन साक्षीदार. तेच मोबाइलवर बोलून चित्रित करा. वकील ठरला असेल तर सही केलेलं वकीलपत्र त्याच्याकडे ठेवा. जन्मदाखला आणि पासपोर्टच्या प्रती विश्वासातल्या दोन माणसांकडे असू द्या, एकाकडे नको.

मानसिक आरोग्य कायद्याच्या कलम १४ खाली साध्या कागदावर लिहून, सही करून तुम्ही आपला नामनिर्देशित प्रतिनिधी, म्हणजे मानसिक उपचारांच्या बाबतीत तुमच्या बाजूने उभा राहणारा माणूस, नेमू शकता, आणि तो नातेवाईकच हवा असं नाही, मैत्रीण चालते. नेमला नाहीत तर तो अधिकार आपोआप नातेवाइकांकडे जातो, म्हणजे बहुधा ज्यांची भीती आहे त्यांच्याकडेच. कागदावर तिचं नाव, तुमची सही, तिचीही सही, आणि फोटो काढून तिला पाठवून ठेवा.